तीन फेब्रुवारीची पोच

धुळे,
रविवार, १२ ऑक्टोबर २०२५

ती. अक्कास,
जितूचा साष्टांग नमस्कार.

फोन तू उचलत नाहीस, मेसेज वाचत नाहीस, म्हणून पत्र लिहायला बसलो. किती वर्षांनी लिहितोय ते आठवत नाही. ऑफिसची पत्रं रोज लिहितो, पण त्यांत नमस्कार नसतो.

इकडे सगळे ठीक. हिची कंबर आता बरी आहे. चिऊची सहामाही सुरू आहे. गणिताच्या पेपरला रडून आली, मग दोन कचोऱ्या खाऊन गप्प झाली. मागच्या रविवारी असोद्याला जाऊन आलो. आबांचा गुडघा दुखतोच, तरी सकाळी केळीत जातात, कुणाचं ऐकत नाहीत. मला म्हणाले, "दीपाजवळ तुझं नाव काढलं की ती विषय बदलते. काय झालं तुमचं?" मी म्हटलं, शाळेचं काम वाढलंय तिचं.

कोर्टातलं रुखसारने तुला सांगितलं असेलच. ती तिची बाजू. माझीही ऐक. तुला यातलं बरंच माहीत आहे, तरी पहिल्यापासून लिहितो. ऑफिसात आधी पार्श्वभूमी लिहायची सवय लागली आहे.

नजीरभाई एप्रिल २०२१ मध्ये गेले, आमच्या ऑफिसची जीप चालवता चालवता, कोविडच्या ड्यूटीवर. त्यांच्या जागी अनुकंपा नोकरीच्या प्रतीक्षायादीत सुगराबीभाभींचं नाव लागलं. नंबर येईपर्यंत त्यांची पंचेचाळीस वर्षं उलटली, नियमाने नाव कमी झालं. त्यांनी अर्ज दिला की माझ्याऐवजी मुलीचं नाव घ्या. नाव बदलून घेण्याची तरतूद तेव्हा आमच्या हातात नव्हती. मी नाही म्हटलं ते मनाने नाही, कागद बघून. मग रुखसार हायकोर्टात, संभाजीनगरच्या खंडपीठात गेली. या जानेवारीत निकाल लागला: मुलीचं नाव घ्या आणि प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत नेमणूक द्या.

आता उशीर का झाला. एक तर फेब्रुवारी-मार्चमध्ये ऑफिसात काय चाललं होतं ते मला माहीत. तपासण्या, बिंदुनामावली, बदल्यांच्या याद्या, आणि टेबलं आठ पण माणसं पाच. दुसरं, आमचे साहेब नवीन. मार्गदर्शन मागवल्याशिवाय ते कागद पुढे सरकवत नाहीत. ऑगस्टमध्ये कोर्टाची अवमानाची नोटीस आली तेव्हाही त्यांनी वर मार्गदर्शनच मागवलं, त्यात पुन्हा महिना गेला. तिसरं आणि मुख्य म्हणजे, ऑफिसच्या रेकॉर्डप्रमाणे निकालाची प्रत आम्हाला मिळाली ती १८ ऑगस्टला, त्या नोटिशीसोबत. शपथपत्रात तेच लिहिलं.

सहा ऑक्टोबरला तारीख होती. रुखसारच्या वकिलांनी एक पोच काढून दाखवली. तीन फेब्रुवारीची. आमच्या ऑफिसचा गोल शिक्का आणि खाली बारीक सही. कोर्ट फार रागावलं. साहेबांना स्वतः २४ नोव्हेंबरला हजर राहायला सांगितलंय, आणि प्रत कोणी घेतली, कुठे ठेवली याचा खुलासा मागितलाय. आवकचं टेबल मंजुळाबाईंकडे असतं. बिचाऱ्या डिसेंबरअखेर निवृत्त होतायत, या वयात होतं असं माणसाकडून. सही कोणाची ते नीट कळत नाही.

तू मला तीन वेळा फोनवर विचारलंस आणि मी तिन्ही वेळा नाही म्हणालो, ते रेकॉर्ड बघूनच. यात माझा काय दोष? आता भाऊबीज येईल. मी येणार आहे. हिने तुझ्यासाठी साडी आणून ठेवली आहे.

भाऊजींना नमस्कार.

तुझा धाकटा,
जितू


दीपनगर,
शुक्रवार, २४ ऑक्टोबर २०२५

चि. जितेंद्र यास,
आशीर्वाद लिहायचा रिवाज आहे, म्हणून लिहिते.

काल भाऊबीज झाली. तू येणार म्हणून ह्यांनी दोनदा फाटकापर्यंत फेरी मारली. मी तुला येऊ नको असा निरोप पाठवला होता, हे त्यांना सांगितलं नव्हतं. साडी परत कर.

तुझं पत्र चार वेळा वाचलं. सत्तावीस वर्षं मुलांच्या वह्या तपासतेय. ज्याला उत्तर येत नाही तो पोरगा सगळ्यात जास्त लिहितो.

मी सोनगीरच्या शाळेत होते, तू नोकरीला लागलास आणि माझ्याकडे राहायला आलास. मी बाळंतपणाला असोद्याला गेले तेव्हा पाच महिने तुझा डबा कोणी दिला? तुला जीपमध्ये बसवून रोज धुळ्याला कोण न्यायचं? हे मी तुला सांगावं लागतंय.

तुला माहीत नसलेल्या दोन गोष्टी लिहिते.

एप्रिलमध्ये आठ आठवडे संपले. त्यांचे वकील म्हणाले, लगेच अवमान याचिका टाकू. मी त्या दिवशी सोनगीरला त्यांच्याच घरी होते. वकिलांनी फोनवर पोचेचा फोटो पाठवला होता. शिक्का तुमच्याच ऑफिसचा. मी बाहेर ओट्यावर येऊन तुला फोन लावला. तू म्हणालास, "शिक्का कोणीही मारतं अक्का, आवकला नोंद नाही म्हणजे कागद आलाच नाही. दुसरी प्रत देऊ नका, गोंधळ होईल. मी वरूनच मागवतो, आली की पहिला फोन तुला." मी आत जाऊन सांगितलं, वकिलाच्या माणसाने दुसरीकडेच कुठे तरी कागद दिला असेल, जितू खोटं बोलणार नाही. रुखसार तयार नव्हती. सुगराबीने तिला गप्प केलं. म्हणाली, "नको वं बेटा. तो बाईना भाऊ शे. मन्हा हातनी भाकर खायेल शे त्यानी. त्याले कोर्टमा कसं उभं करू?" तुला कोर्टाची पायरी चढायला लागू नये म्हणून ते लोक चार महिने थांबले. मला त्या दिवशी तुझा अभिमान वाटला होता.

दुसरी गोष्ट. पाच जूनला मी तुला दवाखान्यातून फोन केला. सुगराबीच्या दोन्ही मूत्रपिंडांनी काम सोडलं होतं, पण ती शुद्धीवर होती. फोन स्पीकरवर होता. तू म्हणालास, "नाही आली अक्का. तुझी शपथ." तिने ऐकलं. फोन ठेवल्यावर मलाच समजावू लागली, "तुम्हनी शपथ लिधी त्यानी. मंग नहीच येल व्हई." सहा दिवसांनी ती गेली. मातीला तू आला नाहीस, तपासणी होती म्हणे.

माझी शपथ घेतलीस, त्याचं मला काही नाही. मी अजून जिवंत आहे. पण तिच्या उशाशी बसून मी तुझं खोटं माझ्या तोंडाने खरं करून दिलं. ते मी कोणापुढे जाऊन परत घेऊ?

खरं लिहिता येत असेल तरच पुन्हा लिही.

दीपमाला


धुळे,
रविवार, ९ नोव्हेंबर २०२५

ती. अक्कास,
साष्टांग नमस्कार.

तुझं पत्र येऊन बारा दिवस झाले. फोन स्पीकरवर होता, हे मला माहीत नव्हतं. माहीत असतं तर वेगळं काही बोललो असतो का, हे स्वतःला विचारत होतो. उत्तर तुला लिहिण्यासारखं नाही.

पोचेवरची सही माझी आहे.

तीन फेब्रुवारीला मंजुळाबाई रजेवर होत्या. आवकच्या टेबलावर मी बसलो होतो. वकिलांचा माणूस आला, पाकीट दिलं, मी शिक्का मारून सही केली. रजिस्टरला नोंद केली नाही. पाकीट माझ्या टेबलाच्या खालच्या खणात ठेवलं. अठरा ऑगस्टला अवमानाची नोटीस आली, तिच्यासोबत निकालाची एक प्रत होती. तीच पहिली प्रत म्हणून नोंदवून घेतली. खणातली घरी आणली. ती अजून घरीच आहे, चिऊच्या जुन्या पुस्तकांच्या खोक्यात. फाडायला दोनदा काढली होती.

का ठेवली, हे तू विचारशील. विसरलो म्हणता येत नाही. रोज त्या खणातून स्टेपलर काढायचो.

आणखी एक आहे. मंजुळाबाईंना कारणे दाखवा नोटीस निघाली आहे. साहेबांनी मला विचारलं, आवक कोणाकडे? मी म्हटलं, मंजुळाबाईंकडे. एवढंच बोललो, त्यात खोटं काही नव्हतं. नोटीस घेऊन त्या माझ्याच टेबलाशी आल्या. म्हणाल्या, "जितूभाऊ, मला काहीच आठवत नाही हो. मी घेतला असेल का हा कागद? साखरेच्या गोळ्या चालू झाल्यापासून डोकं चालत नाही माझं. सही पण माझ्यासारखी दिसत नाही, पण घाईत केली असेल." मी म्हटलं, होतं असं कधी कधी. मग म्हणाल्या, "मला खुलासा लिहून द्याल का? तुमचं ड्राफ्टिंग चांगलं आहे."

मी लिहून दिला. "सदर चूक माझ्याकडून अनवधानाने झाली असून त्याबद्दल मी दिलगीर आहे." त्यांनी खाली सही केली आणि माझे आभार मानले. दुपारी डब्यातली शेंगदाण्याची चटणी आणून दिली.

अक्का, मी ती खाल्ली.

२४ तारखेला साहेबांसोबत मला खंडपीठात जायचं आहे, फाईल घेऊन. तिथे मंजुळाबाईंचा खुलासा सादर होईल, साहेब माफी मागतील, प्रकरण मिटेल असं सगळे म्हणतात. काय करावं ते मला कळत नाही, असं लिहिणार होतो. कळतं आहे. होत नाही.

जितेंद्र


धुळे,
बुधवार, १७ डिसेंबर २०२५

ती. अक्कास,
नमस्कार.

मागच्या पत्राला तुझं उत्तर आलं नाही ते बरोबरच झालं. त्यात विचारण्यासारखं काही नव्हतं.

कोर्टात काय झालं ते रुखसारकडून तुला कळलंच असेल. काही लोक मला सांगतात की तू हिमतीने उभा राहिलास. तुझ्या कानावर असं आलं तर ते खरं मानू नकोस. कसं झालं ते सांगतो.

अठरा नोव्हेंबरला मंगळवारी मंजुळाबाई ऑफिसात आल्या त्या थेट माझ्यापुढे. खुर्ची ओढली नाही. हातात रजेचा अर्ज होता, स्वतःच्या घरी जपून ठेवलेली प्रत. तीन फेब्रुवारीला त्या नातवाच्या जावळाला पारोळ्याला गेल्या होत्या. सून फोनमधले जुने फोटो बघत बसली होती, त्यात तारखेसकट सापडलं. मग त्यांनी अर्ज शोधला.

"मी त्या दिवशी ऑफिसात नव्हतेच," त्या म्हणाल्या. "आवकला कोण बसलं होतं?"

मी हातातली फाईल बंद केली.

"आणि माझ्या चुकीचा खुलासा तुम्ही लिहिला."

आजूबाजूला दोन-तीन जण होते. त्या आवाज चढवून बोलल्या नाहीत. "पंधरा दिवस मी स्वतःला वेडी समजत होते, भाऊ. गॅस बंद केला का ते तीन तीन वेळा बघायला जात होते. सुनेला म्हटलं, मला डॉक्टरकडे ने, माझं डोकं गेलं." मग तो अर्ज त्यांनी माझ्या टेबलावर ठेवला. "उद्या अकरा वाजता मी हा घेऊन साहेबांकडे जाणार. आधी तुम्ही जायचं असेल तर जा. नसेल तर राहू द्या. मी कोणासाठी थांबणार नाही."

म्हणून मी गेलो, अक्का. दुसऱ्या दिवशी, पावणेअकराला.

साहेबांबद्दल मी तुला पहिल्या पत्रात जे लिहिलं ते खोटं होतं. मार्गदर्शन मागवायची टिपणी मीच मांडली होती, त्यांनी तर विचारलं होतं की कोर्टाने इतकं स्पष्ट सांगितल्यावर मार्गदर्शन कशाला. मी म्हटलं होतं, पद्धत आहे. आता सगळं ऐकून घेतल्यावर ते बराच वेळ पेनचं टोपण उघडत-लावत बसले.

"शपथपत्रावर सही माझी आहे, कळतंय ना तुम्हाला?" ते म्हणाले. "मी तुम्हाला विचारलं होतं, प्रत नक्की कधी आली? काय म्हणाला होतात?"

"अठरा ऑगस्ट."

"मी बावीस वर्षांच्या नोकरीकडे बघून सही केली. तुमच्या." त्यांनी मला बसायलाही सांगितलं नाही, बाहेर जायलाही नाही. शेवटी मीच निघालो. संध्याकाळी सरकारी वकिलांशी बोलून त्यांनी मला स्वतंत्र शपथपत्र करायला सांगितलं. ते लिहायला मला चार दिवस लागले. दोन पानांचं आहे. इतरांसाठी असलं शपथपत्र मी अर्ध्या तासात करून देतो.

चोवीसला पहाटे निघालो. कन्नडच्या घाटात गाडी थांबली होती, साहेब चहा प्यायला उतरले, मी मागेच बसून राहिलो. कोर्टात आमचा नंबर साडेबाराला लागला. रुखसार मागच्या बाकावर होती, काळा बुरखा, मांडीवर कागदांची पिशवी. मी तिला सुगराबीभाभी गेल्यानंतर पहिल्यांदा बघत होतो. आईसारखी बसते. पाठ न टेकता.

माझं शपथपत्र वाचून न्यायमूर्तींनी चष्मा काढला. मराठीतच विचारलं, "साडेसहा महिने आमचा आदेश कुठे होता?"

"माझ्या टेबलाच्या खालच्या खणात."

"कोणी सांगितलं होतं ठेवायला?"

"कोणी नाही."

"काही घेतलं होतं कोणाकडून?"

"नाही, साहेब."

"मग का?"

हाच प्रश्न तू विचारशील, असं मी तुला लिहिलं होतं. मी शपथपत्रात 'कामाच्या ओघात' असं लिहून ठेवलं होतं. तेच म्हणणार होतो. पण मागे ती बसली होती, तेव्हा तोंडातून निघालं ते खरं निघालं. "राग आला होता," मी म्हटलं.

ते तुला इथे नीट सांगतो, कोर्टात नीट सांगता आलं नाही. रुखसार अर्जासाठी दोन वर्षं माझ्या टेबलाशी येत होती. "काका, झालं का?" म्हणायची. मी तिला चहा पाजायचो, नियम समजावून सांगायचो, नाही म्हणायचो. आणि खरं सांगू? मला ते आवडायचं. एकेकाळी ज्यांच्या घरी मी डब्यासाठी उभा राहायचो, त्यांची मुलगी माझ्यापुढे बसून माझ्या शब्दाची वाट बघते आहे, हे आवडायचं. मग ती मला न सांगता कोर्टात गेली. जिंकली. तरी मला फोन नाही. आणि त्या दिवशी स्वतः न येता वकिलाचा माणूस पाठवला. त्याच्यासोबतच्या पत्रात लिहिलं होतं, मुदतीत अंमलबजावणी न झाल्यास संबंधितांना व्यक्तिशः जबाबदार धरण्यात येईल. बाजूच्या टेबलावरचा हसून म्हणाला, "भाऊ, तुमच्या घरचीच ना ती?" मी पाकीट खणात टाकलं. एकदा येऊ दे इथे, म्हटलं. एकदा 'काका' म्हणू दे, लगेच काढतो.

ती आली नाही. वकिलांनी तिला सांगितलं होतं, ऑफिसात जाऊ नकोस.

मग मार्चमध्ये तुझा फोन आला. मी नाही म्हणालो, कारण हो म्हटलं असतं तर तू विचारलं असतंस, महिनाभर काय केलंस. त्यानंतर ते पाकीट बाहेर काढायची सोयच राहिली नाही. काढलं की तारीख दिसणार. दर आठवड्याला ते आणखी जड झालं. यापेक्षा मोठं कारण नाही, अक्का. मी खूप शोधलं. एखादं मोठं कारण सापडलं असतं तर बरं झालं असतं.

न्यायमूर्तींनी विचारलं, "राग कोणाचा?" उत्तराची वाट न बघता ते म्हणाले, "न्यायालयाची माफी तुम्ही लेखी मागितली आहे. ज्यांची मागायची त्या मागे बसल्या आहेत." मी वळलो. हात जोडले असतील, आठवत नाही. रुखसार माझ्याकडे बघत नव्हती. वकिलांना हळूच विचारत होती, "सर, झालं असेल तर निघू का? चाळीसगावची गाडी चुकेल."

कोर्टाने सात दिवसांत नेमणूक द्यायला सांगितलं. मंजुळाबाईंवरची नोटीस रद्द. साहेबांना समज. माझ्यावर विभागीय चौकशी.

एक डिसेंबरला रुखसार हजर झाली. तिला आवक-जावकला बसवलंय. महिनाअखेर मंजुळाबाई जाणार, तोवर त्या तिला शिकवतायत. दोघी एका डब्यात जेवतात. सोमवारी माझ्या निलंबनाचा आदेश आला, तो तिच्याच टेबलावरून माझ्याकडे आला. चौकशी होईपर्यंत मुख्यालय शिरपूर, म्हणजे तिथेच राहायचं. तिने आदेश पुढे ठेवला आणि म्हणाली, "सर, सही करा. खाली तारीख आणि वेळ पण लिहा."

मी सही केली. मग म्हटलं, "रुखसार, तुझ्या आईला मी..."

"मला नका सांगू, सर," ती म्हणाली. रागाने नाही, खिडकीवर आलेल्या माणसाला सांगावं तसं. "मी ऐकून काय करू? मला नोकरी मिळाली. सांगायचं तर बाईंना सांगा. ती पोच कोर्टात दाखवल्यापासून त्या आमच्या घरी येत नाहीत. दर ईदला यायच्या. मी बोलावलं तर म्हणतात, कोणत्या तोंडाने येऊ. त्यांनी काय केलंय?"

हे मला माहीत नव्हतं. तू सोनगीरला जाणं सोडलंस हे मला माहीत नव्हतं. अक्का, तू काही केलेलं नाहीस. तू जे बोललीस ते मी तुझ्या तोंडात घातलेलं होतं. भाभींनी तुझ्यावर विश्वास ठेवला तो बरोबरच ठेवला. खोटा मी निघालो. माझ्यासाठी कोणाला काही परत घ्यायचं असेल तर ते मला घ्यायचं आहे, तुला नाही. तू जा त्यांच्याकडे. माझं ऐकून नको जाऊस. ती बोलावते आहे म्हणून जा.

हिला मी सगळं सांगितलं. चिऊला थोडं सांगितलं. शिरपूरला का, असं तिने विचारलं तेव्हा. आबांना फोन केला तेव्हा ते केळीत होते. माझं सांगून झाल्यावर त्यांनी फोन ठेवला नाही. नुसता पंपाचा आवाज येत होता.

इथवर बुधवारी लिहून ठेवलं होतं. आज शुक्रवार. टेबलाचा चार्ज देऊन झाला. पाकीट चिकटवण्याआधी हे पत्र मी रुखसारला वाचायला दिलं. तिच्या आईबद्दल लिहिलंय, तिला न विचारता पाठवू नये असं वाटलं. जेवणाच्या सुट्टीत तिने खिडकीजवळ उभी राहून सगळं वाचलं. मंजुळाबाई पलीकडे बसून होत्या. पानं परत देताना तिने एका ओळीवर बोट ठेवलं. आज भाभी असत्या तर त्यांनी मला माफ केलं असतं, असं मी लिहिलं होतं.

"ही ओळ काढा," ती म्हणाली. "ते आईने सांगायचं होतं. तुम्ही कसं लिहिता?"

मी तिच्यासमोरच खोडली. चौथ्या पानावर काळं दिसेल, ते तेच आहे. खाली काही वाचता येतंय का हे तिने कागद उजेडाला धरून बघितलं, आणि मग दिला.

आशीर्वाद मागत नाही.

जितेंद्र